विश्लेषण : जंगलातल्या शेतीसाठी निजामाशी लढलेले कुमराम भीम कोण होते? बारा गावांची त्यांची मागणी आजही जिवंत का आहे?

दाक्षिणात्य चित्रपट आरआरआरमुळे २०२२ मध्ये कुमराम भीम हे नाव देशभर पोहोचले. पडद्यावरची कथा काल्पनिक होती. प्रत्यक्षातले भीम दिल्लीत इंग्रज गव्हर्नरच्या वाड्यावर चालून गेले नव्हते. त्यांची लढाई निजामाच्या हैदराबाद संस्थानाशी होती आणि लढाईचे कारण अगदी साधे होते. जंगल साफ करून पेरलेल्या शेतावर हक्क कोणाचा? पेरणाऱ्याचा, की नकाशावर रेघ ओढणाऱ्या वनखात्याचा? १९४० मध्ये या प्रश्नाचे उत्तर बंदुकीने दिले गेले. त्यानंतर कायदे आले, पट्टे वाटले गेले, पण प्रश्न मिटला नाही. चंद्रपूरच्या सीमेला लागून असलेल्या ज्या जिल्ह्याला आज भीम यांचे नाव आहे, तिथेही नाही.

कुमराम भीम यांचा जन्म कुठला?

आदिलाबादच्या डोंगराळ पट्ट्यातील आसिफाबादजवळच्या संकेपल्ली या गोंड वस्तीत भीम यांचा जन्म झाला. जन्मवर्ष १९०१ मानले जाते. कुमराम हे गोंडांमधले कुळनाव. तेलुगू उच्चारात त्याचे कोमाराम, कोमुरम असेही होते. वडिलांचे नाव चिन्नू, आईचे सोमबाई. हा सगळा मुलूख तेव्हा हैदराबाद संस्थानात होता. आज महाराष्ट्रात असलेले राजुरा आणि किनवट हे तालुकेही त्याच आदिलाबाद जिल्ह्यात होते. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत ते वेगळे झाले. त्यामुळे भीम यांची गोष्ट परराज्यातली वाटली तरी तिचा मुलूख आपल्या शेजारचाच आहे. डोंगराच्या दोन्ही बाजूंना गोंड आणि कोलाम हेच लोक राहतात. त्यांच्या जत्रा, सोयरिकी आणि बाजार राज्याची सीमा पाहून ठरत नाहीत.

भीम शाळेत गेले नाहीत. त्यांच्या आयुष्याची माहिती दोन वाटांनी आपल्यापर्यंत आली आहे. एक वाट सरकारी कागदपत्रांची आणि त्यानंतर या भागात काम केलेल्या मानववंशशास्त्रज्ञाच्या नोंदींची. दुसरी वाट गोंडांच्या मौखिक परंपरेची. पहिल्या वाटेवर त्यांच्या अखेरच्या काही वर्षांचा तपशील अधिक सापडतो. बालपण आणि तारुण्याच्या गोष्टी मुख्यत: दुसऱ्या वाटेने आल्या आहेत.

जंगल गोंडांच्या हातून कसे गेले?

यासाठी गोंडांची शेती समजून घ्यावी लागते. आदिलाबादचे गोंड नांगर वापरणारे शेतकरी होते. खोऱ्यातल्या काळ्या जमिनी आणि डोंगरमाथ्यावरच्या हलक्या, मुरमाड जमिनी असे दोन्ही प्रकार ते कसत. माथ्यावरची जमीन दोन-चार वर्षे पिकवली की तिचा कस जाई. मग ती काही वर्षे पडीक टाकायची आणि शेजारचा तुकडा पेरायचा. पडीक जमिनीवर झुडपे वाढत, पाला कुजे, कस परत येई आणि शेतकरी पुन्हा तिथे वळे. कोलाम लोक उतारावर कुदळीने फिरती शेती करत. तिला तेलुगूत पोडू म्हणतात. जमीन भरपूर आणि माणसे कमी होती तोवर या पद्धतीत कोणाचे काही बिघडत नव्हते.

विसाव्या शतकाच्या पहिल्या काही दशकांत निजामाच्या वनखात्याने राखीव जंगलाच्या सीमा आखायला सुरुवात केली. सागवानाला भाव होता, महसूल हवा होता. आखणीच्या वेळी ज्या जमिनीवर पीक उभे नव्हते ती जंगल म्हणून नोंदली गेली. म्हणजे विश्रांतीसाठी पडीक टाकलेले शेत कागदावर जंगल झाले. मालकाला ते बहुधा कळलेही नाही. कारण महसुलाचे कागद उर्दूत होते आणि गोंडांच्या हाती पट्टा नव्हता. गावाभोवती पेरलेल्या जमिनीचा एक छोटा तुकडा तेवढा सोडला गेला. तो दरवर्षी सलग पेरला की दोन-चार वर्षांत नापीक होई आणि पडीक जमिनीकडे परतावे तर तो गुन्हा ठरे.

दुसऱ्या बाजूने खोऱ्यातल्या चांगल्या जमिनी जात होत्या. रस्ते झाले. १९२० च्या दशकाअखेरीस काझीपेठ ते बल्लारशाह हा लोहमार्ग पूर्ण झाला. बाहेरचे शेतकरी, सावकार आणि जमीनदार येऊ लागले. त्यांना कचेरीची भाषा येत होती, पट्टा म्हणजे काय हे ठाऊक होते. पिढ्यान्पिढ्या कसलेल्या जमिनीवर गोंड कूळ किंवा सालगडी झाले. डोंगरावर वनखाते आणि खोऱ्यात पट्टेदार, अशा कोंडीत भीम यांची पिढी वाढली. त्यात जनावरे चारली तर कर, सरपण आणले तर कर आणि वनरक्षकाला खूश ठेवण्याचा खर्च वेगळा.

सुर्दापूरच्या शेतात काय घडले?

मौखिक परंपरेनुसार भीम कोवळ्या वयात असताना वडील चिन्नू वनकर्मचाऱ्यांशी झालेल्या संघर्षात मारले गेले. कुटुंबाने संकेपल्ली सोडले आणि केरामेरीजवळच्या सुर्दापूरला बस्तान बसवले. तिथे जंगल तोडून शेत तयार केले. पीक हाती आले तेव्हा सिद्दीक नावाचा पट्टेदार पुढे आला. जमीन आपल्या नावावर आहे, म्हणून पीकही आपले, असा त्याचा दावा होता. वाद विकोपाला गेला आणि भीम यांच्या हातून सिद्दीक मारला गेला. त्या वेळी भीम विशीच्या आसपास होते.

या प्रसंगाकडे केवळ एका तरुणाचा संताप म्हणून पाहता येत नाही. कष्ट एकाचे आणि कागद दुसऱ्याचा, हा आदिवासी भागातील जमीन-वादांचा कायमचा साचा आहे. मात्र खून हा खूनच होता. पोलीस मागे लागणार हे उघड होते. भीम यांनी घर सोडले आणि संस्थानाची हद्द ओलांडून ब्रिटिश मुलखातल्या चांद्याला, म्हणजे आजच्या चंद्रपूरला आश्रय घेतला.

चांदा आणि आसामने काय शिकवले?

चांद्यात विठोबा नावाच्या एका छापखानेवाल्याने त्यांना आधार दिला, असे परंपरा सांगते. छापखान्यात काम करता करता भीम अक्षरे शिकले. हिंदी, उर्दू आणि थोडे इंग्रजी त्यांना येऊ लागले. ज्या कागदांनी आपल्या लोकांच्या जमिनी नेल्या ते कागद वाचता येणे ही त्यांच्या दृष्टीने मोठी गोष्ट होती. इंग्रजविरोधी मजकूर छापल्यावरून विठोबाला अटक झाली आणि भीम पुन्हा वाटेला लागले. या वेळी थेट आसामच्या चहामळ्यांत.

मध्य भारतातले हजारो आदिवासी त्या काळी मजूर म्हणून आसामला जात. भीम तिथे चार-साडेचार वर्षे राहिले. मळ्यातले मजूर एकत्र येऊन मागणी कशी करतात, हे त्यांनी तिथे पाहिले आणि त्यात भागही घेतला. अटक झाली, तिथून ते निसटले आणि मालगाडीने बल्लारशाहला परतले, अशी कथा आहे. बिरसा मुंडा आणि अल्लुरी सीताराम राजू यांच्या लढ्यांची माहितीही त्यांना याच भटकंतीत झाली असे मानले जाते. राजू यांनी १९२२ ते १९२४ या काळात गुडेमच्या डोंगरांत ब्रिटिशांविरुद्ध आदिवासींचे बंड उभे केले होते. तिथेही मूळ दुखणे पोडू शेतीवरच्या बंदीचेच होते. चित्रपटात मित्र दाखवलेले हे दोघे प्रत्यक्षात कधी भेटल्याची नोंद नाही. पण दोघांचा प्रश्न एकच होता.

परतल्यावर भीम काकनघाट गावी लच्छू पटेल यांच्याकडे कामाला राहिले. पटेलांच्या जमिनीच्या खटल्यात त्यांनी कचेरीचे कागद हाताळले आणि दावा जिंकून दिला, असे सांगतात. पंचक्रोशीत त्यांचे नाव झाले. याच काळात त्यांचे लग्न झाले. आता त्यांना स्वत:ची जमीन हवी होती.

बाबेझरीत घरे का जाळली गेली?

इथून पुढचा भाग अधिक नोंदलेला आहे. भीम आणि काही गोंड व कोलाम कुटुंबांनी बाबेझरीच्या डोंगराळ भागात जंगल साफ करून वस्ती केली, शेते काढली. हा भाग राखीव जंगलात येतो असे सांगत वनखात्याने त्यांना हटवायला सुरुवात केली. झोपड्या जाळल्या, पिके मोडली. लोक पुन्हा उभे राहत, पुन्हा जाळपोळ होई.

भीम यांनी आधी कायद्याचीच वाट धरली, हे इथे लक्षात घ्यायला हवे. त्यांनी अर्ज केले, वकील गाठला, दाद मागितली. वरच्या पातळीवरून काही दिलासा मिळालाही. जोडेघाट परिसरात राहू देण्याबाबत आदेश झाले. पण हैदराबादेत निघालेला आदेश आणि जंगलातला वनरक्षक यांच्यात फार मोठे अंतर होते. खालच्या कर्मचाऱ्यांनी लाच मागणे आणि हुसकावणे चालूच ठेवले. स्वत: निजामाला भेटण्यासाठी भीम हैदराबादला गेले, पण भेट मिळाली नाही, असे परंपरा सांगते. खालच्या यंत्रणेने आदेश पाळला नाही आणि वरच्या दरबाराने गाऱ्हाणे ऐकले नाही. बंडाची ठिणगी पडली ती या दोहोंच्या मधल्या पोकळीत.

बारा गावांची मागणी काय होती?

जोडेघाटच्या आसपासची बारा गावे भीम यांच्या मागे उभी राहिली. त्यांची मागणी अशी होती की या गावांतली जमीन कसणाऱ्यांच्या नावावर व्हावी, जंगलातून सरपण, चारा, बांबू, मोह घेण्यावर कर नसावा आणि गावांचा कारभार गावांनीच पाहावा. पुढच्या काळात या लढ्याला जल, जंगल, जमीन ही घोषणा जोडली गेली आणि ती आज देशभरातल्या आदिवासी चळवळींची घोषणा झाली आहे.

या मागणीत दोन वेगळ्या गोष्टी होत्या. पहिली जमिनीच्या मालकीची. ती मान्य करणे सरकारला फार जड नव्हते, काही पट्टे देऊन भागले असते. दुसरी गोष्ट स्वशासनाची. जंगलाचा निर्णय वनखाते घेणार नाही, गाव घेईल, ही ती मागणी. कोणत्याही संस्थानाच्या कानाला ती राज्यातून फुटून निघण्यासारखी वाटली असती. वाटाघाटीत अधिकाऱ्यांनी भीम आणि त्यांच्या जवळच्यांना जमीन देऊ केली, पण बारा गावांच्या स्वायत्ततेचा मुद्दा नाकारला आणि भीम यांनी केवळ स्वत:पुरती जमीन घ्यायला नकार दिला, असे सांगितले जाते.

जोडेघाटच्या डोंगरावर काय झाले?

गोंड आणि कोलाम तरुणांचे दल उभे राहिले. त्यांच्याकडे कुऱ्हाडी, विळे, गोफणी आणि काही ठासणीच्या बंदुका होत्या. वनकर्मचाऱ्यांना आणि जमीनदारांच्या माणसांना त्या भागात फिरणे अवघड झाले. हे अनेक महिने चालले. अखेर १९४० मध्ये पावसाळा सरताना सशस्त्र पोलिसांची मोठी तुकडी जोडेघाटला पाठवण्यात आली. वाटाघाटी फिसकटल्या होत्या. भीम यांच्या ठिकाणाची माहिती त्यांच्यातल्याच एकाने फोडली, ही आठवण गोंड आजही सांगतात.

डोंगरावर गोळीबार झाला. भीम आणि त्यांचे अनेक साथीदार जागीच ठार झाले, कित्येक जखमी झाले, उरलेल्यांची धरपकड झाली. भीम यांचे वय तेव्हा चाळिशीच्या उंबरठ्यावर होते. त्यांच्या अंगाला गोळी लागत नाही अशी समजूत पोलिसांमध्येही पसरली होती, म्हणून त्यांच्या देहावर पुन्हा पुन्हा गोळ्या झाडल्या गेल्या, असे म्हणतात. गोंड त्यांचा स्मृतिदिन इंग्रजी तारखेने पाळत नाहीत. अश्विन पौर्णिमेला जोडेघाटवर त्यांच्या रिवाजाने पूजा होते आणि सीमेपलीकडून, चंद्रपूर-यवतमाळकडूनही लोक येतात.

त्यांच्या मृत्यूनंतर निजाम सरकारला काय उमगले?

बंड मोडले, पण सरकार हादरले होते. शांत समजले जाणारे गोंड मरायला का तयार झाले, याचा शोध घेणे भाग पडले. योगायोगाने ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ तेव्हा हैदराबाद संस्थानात होते. दुसरे महायुद्ध पेटल्यामुळे त्यांच्या हालचालींवर निर्बंध आले होते आणि संस्थानातल्या आदिवासींमध्ये राहून अभ्यास करण्याची मुभा त्यांना मिळाली होती. ते आदिलाबादच्या मार्लवाई या गोंड गावात राहिले. त्यांच्या अभ्यासातून पुढे आलेला निष्कर्ष स्पष्ट होता. हे बंड राजकीय फूस लावून झालेले नव्हते. जमीन आणि जंगल दोन्ही हिरावली गेल्याने लोकांपुढे दुसरी वाट राहिली नव्हती.

संस्थानाच्या महसूल खात्याची सूत्रे त्या काळात विल्फ्रिड ग्रिगसन यांच्याकडे आली. त्यांनी पूर्वी बस्तर संस्थानाचा कारभार पाहिला होता आणि माडिया गोंडांवर ग्रंथ लिहिला होता. त्यामुळे अहवाल कपाटात पडून राहिला नाही. मार्लवाईला १९४३ मध्ये आदिवासी शिक्षक घडवणारे केंद्र सुरू झाले. गोंडी भाषेतली पुस्तके देवनागरी लिपीत छापली गेली. जमीन देण्यासाठी विशेष नियम करण्यात आले आणि १९४० च्या दशकाअखेरपर्यंत आदिलाबाद जिल्ह्यात ११ हजारांहून अधिक आदिवासींना सुमारे १ लाख ६० हजार एकर जमिनीचे पट्टे मिळाले. १९४६ मध्ये आदिवासी क्षेत्रांसाठी स्वतंत्र विनियम आला. त्याने गोंडांच्या पंचायतींना मान्यता दिली आणि बाहेरच्यांना जमीन जाण्यावर बंधने घातली.

या कामात एका मराठी माणसाचा मोठा वाटा होता. निलंग्यात जन्मलेले सेतुमाधवराव पगडी आपल्याला शिवकाळाचे इतिहासकार म्हणून माहीत आहेत. पण हैदराबादच्या प्रशासकीय सेवेत असताना त्यांनी आदिलाबादच्या गोंडांमध्ये काम केले, गोंडी आणि कोलामी भाषा आत्मसात केल्या आणि तिथल्या अनुभवांवर पुस्तकही लिहिले. ज्या कचेरीची भाषा गोंडांना परकी होती, त्या कचेरीतला एक अधिकारी गोंडांची भाषा बोलू लागला, हा बदलही जोडेघाटनंतरचाच.

मिळालेली जमीन टिकली का?

पूर्णपणे नाही. हैदराबाद संस्थान १९४८ मध्ये भारतात विलीन झाले, १९५६ मध्ये आदिलाबाद आंध्र प्रदेशात गेले. आदिवासींची जमीन बिगर आदिवासींकडे जाऊ नये म्हणून आंध्रने १९५९ मध्ये विनियम केला. १९७० मध्ये तो अधिक कडक झाला आणि अनुसूचित क्षेत्रात अशा हस्तांतरावर जवळपास पूर्ण बंदी आली. तरीही बेनामी व्यवहार, कर्जापोटी कब्जा आणि नोंदींतले फेरफार यांतून जमिनी जात राहिल्या. डोंगरावर वनखात्याशी तंटेही चालूच राहिले.

२० एप्रिल १९८१ रोजी इंद्रवेल्ली येथे जमिनीच्या प्रश्नावर जमलेल्या आदिवासींवर पोलिसांनी गोळीबार केला. सरकारी आकड्यानुसार १३ जण मृत्युमुखी पडले. जोडेघाटला तेव्हा चार दशके झाली होती. राज्य निजामाचे राहिले नव्हते, लोकशाहीचे होते. वाद मात्र तोच होता.

वनहक्क कायद्याने काय बदलले?

डिसेंबर २००६ मध्ये संसदेने वनहक्क कायदा मंजूर केला. वननिवासी आदिवासींवर ऐतिहासिक अन्याय झाल्याची कबुली या कायद्याच्या प्रस्तावनेतच आहे. पडीक शेताला जंगल ठरवणारी रेघ चुकीची होती, असाच त्याचा अर्थ.

कायद्यानुसार १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून वनजमीन कसणाऱ्या आदिवासी कुटुंबाला प्रत्यक्ष ताब्यातल्या जमिनीचा हक्क मिळतो. मर्यादा चार हेक्टर, म्हणजे साधारण दहा एकर. पट्टा पती-पत्नी दोघांच्या नावे असतो. तो वारसांकडे जातो, पण विकता येत नाही. बिगर आदिवासी वननिवासींना मात्र त्याआधीच्या तीन पिढ्यांचा, म्हणजे ७५ वर्षांचा रहिवास दाखवावा लागतो. दाव्याची सुरुवात ग्रामसभेत होते. नंतर तो उपविभागीय समितीकडे आणि शेवटी जिल्हा समितीकडे जातो. गावातल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाबही पुरावा म्हणून चालतो. दावा फेटाळला तर कारण लेखी कळवणे बंधनकारक आहे आणि ६० दिवसांत वरच्या समितीकडे दाद मागता येते. कागद नसल्याने जमीन गमावलेल्या समाजासाठी या तरतुदी फार महत्त्वाच्या आहेत.

कायद्याचा दुसरा भाग सामूहिक वनहक्काचा. गावाने पारंपरिक जंगल राखायचे, त्यातला बांबू, तेंदू, मोह घ्यायचा आणि व्यवस्थापन ग्रामसभेने करायचे. गडचिरोलीतील मेंढा (लेखा) आणि मर्दा या गावांना २००९ मध्ये हा हक्क मिळाला. देशातल्या पहिल्या काही गावांत त्यांची गणना होते. भीम यांनी बारा गावांसाठी मागितलेल्या स्वशासनाच्या सर्वांत जवळ जाणारी तरतूद हीच आहे.

अंमलबजावणीची गाडी मात्र रखडत चालली. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत चालत आलेल्या शेतकऱ्यांच्या मोर्चात रक्ताळलेल्या पायांचे आदिवासी मोठ्या संख्येने होते आणि वनजमिनीचे प्रलंबित दावे ही त्यांची प्रमुख मागणी होती. फेब्रुवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दावे फेटाळलेल्यांना हटवण्याचा आदेश दिला आणि दोनच आठवड्यांत त्याला स्थगिती दिली. दावे फेटाळताना योग्य प्रक्रिया पाळली गेली होती का, हा प्रश्न त्यातून ऐरणीवर आला.

भीम यांच्या नावाच्या जिल्ह्यात आज काय स्थिती आहे?

तेलंगण राज्य झाल्यावर २०१६ मध्ये आदिलाबादचे विभाजन होऊन कुमराम भीम आसिफाबाद हा जिल्हा तयार झाला. जोडेघाटला स्मारक आणि संग्रहालय उभे राहिले. पण जून २०१९ मध्ये याच जिल्ह्यातल्या सारसाला गावात वृक्षलागवडीसाठी गेलेल्या महिला वनाधिकाऱ्यावर जमावाने हल्ला केला. ती जमीन आपण कसतो, असा गावकऱ्यांचा दावा होता. हल्ल्याचे समर्थन होऊ शकत नाही. पण कर्तव्य बजावणारी कर्मचारी आणि पेरणारा शेतकरी यांना एकमेकांसमोर उभे करणारी सीमारेषा अजून पुसली गेलेली नाही, हे त्या दिवशी पुन्हा दिसले.

३० जून २०२३ रोजी तेलंगण सरकारने आसिफाबादेतूनच पोडू जमिनीच्या पट्टेवाटपाला सुरुवात केली. सुमारे दीड लाख लाभार्थींना चार लाख एकरांवर जमिनीचा हक्क देण्याची ही मोहीम होती. त्यानंतर दोनच वर्षांनी वेगळे वळण आले. २०२५ च्या मे महिन्याअखेरीस राज्य सरकारने ताडोबा आणि कव्वाल या व्याघ्र प्रकल्पांना जोडणारा वनपट्टा संवर्धन राखीव क्षेत्र म्हणून जाहीर केला. त्याला नाव दिले कुमराम भीम यांचेच. आपल्या जमिनी आणि वावर यांवर गदा येईल या भीतीने आदिवासींनी आंदोलन केले आणि जुलैमध्ये सरकारने हा आदेश स्थगित ठेवला.

वाघांना भ्रमणमार्ग हवा, हे खरेच आहे. ताडोबातले वाघ याच पट्ट्यातून ये-जा करतात आणि तो तुटला तर नुकसान दोन्ही राज्यांचे आहे. पण सीमा आखण्याआधी तिथे राहणाऱ्यांना विचारले पाहिजे, ही अट नवी नाही. वनहक्क कायद्याने ती ग्रामसभेच्या रूपाने घातलीच आहे.

मग भीम यांच्या लढ्यातून काय घ्यायचे?

भीम यांना अनेकदा केवळ शूर बंडखोर म्हणून रंगवले जाते. त्यांच्या आयुष्याचा क्रम पाहिला तर वेगळेच काही दिसते. त्यांनी आधी शेत केले, मग वाचायला शिकले, मग अर्ज केले, मग वाटाघाटी केल्या. शस्त्र सर्वांत शेवटी आले. प्रत्येक पायरीवर त्यांचे ऐकून घेण्याची संधी सरकारपुढे होती. त्यांच्या मृत्यूनंतर अवघ्या काही वर्षांत जे पट्टे वाटले गेले, ते आधी वाटता आले असते. त्यासाठी डोंगरावर रक्त सांडण्याची गरज नव्हती.

आजही एखाद्या जिल्हा समितीच्या टेबलावर दाव्यांचा गठ्ठा पडून असतो, तेव्हा त्यातल्या प्रत्येक कागदामागे एक पेरलेले शेत असते. तो दावा वेळेत तपासणे, नाकारायचा तर कारण लेखी कळवणे आणि मान्य असेल तर जमीन मोजून हातात देणे हे काम रूक्ष आहे. त्यावर चित्रपट निघणार नाही. पण जोडेघाटची पुनरावृत्ती टाळण्याचा दुसरा मार्गही नाही.